बिरड्याचा नियम रताळ्यालाही

पेण-रोह्याकडच्या सणाच्या ताटात वालाचं बिरडं ज्या मानानं वाढलं जातं, त्या मानानं रताळं कधी वाढलं जात नाही. ते येतं उपासाचं म्हणून, आषाढीला, नवरात्रात, महाशिवरात्रीला. आणि आलं तरी बहुतेक घरांत त्याची दोनपैकी एक गत झालेली असते. एक तर कुकरच्या तीन शिट्ट्यांत त्याचा पार लगदा होतो आणि वरून घातलेल्या गुळाचं पाणी ताटात पसरत वरीच्या भातापर्यंत जातं. नाहीतर फोडी पहिल्यापासूनच गुळाच्या पाकात टाकलेल्या असतात, बाहेरून चिकट, आतून दडदडीत, अर्धा तास उकळूनही न शिजलेल्या. मग सगळे म्हणतात, यंदा रताळी चांगली मिळाली नाहीत. रताळ्यांचा दोष क्वचितच असतो. फोडी अखंड, आतून मऊ आणि वरून गुळाचा पातळ, चकचकीत, बोटाला जेमतेम चिकटेल असा थर, हा पदार्थ जमणं अगदी सोपं आहे. त्याला लागणारी अक्कल याच भागातल्या दोन पदार्थांत कधीचीच आहे. पहिला पदार्थ बिरडं, दुसरा पोपटी. या दोन्हींत आपण जे नियम डोळे मिटून पाळतो, ते रताळ्याच्या बाबतीत मोडतो, एवढंच माझं म्हणणं आहे.

आधी बिरडं घ्या. मोड आलेले, सोललेले वाल फोडणीला टाकल्यावर झाकणावर पाणी ठेवून वाफेवर शिजवायचे, आणि गूळ नि आमसूल घालायचं ते डाळिंबी बोटानं दाबून पाहिल्यावर, शेवटी. गूळ आधी पडला तर वाल शिजत नाहीत, हे इथं कुणाला सांगावं लागत नाही. यामागचं कारण मात्र समजून घेण्यासारखं आहे, कारण तेच रताळ्यालाही लागू पडतं. वनस्पतीच्या पेशी एकमेकींना धरून असतात त्या पेक्टिन नावाच्या चिकट द्रव्यामुळे. शिजणं म्हणजे मुख्यतः हे पेक्टिन उष्णतेनं विरघळणं आणि पेशी एकमेकींपासून सुटणं. आंबटपणा, साखर आणि कॅल्शियम या तिन्ही गोष्टी या विरघळण्याच्या आड येतात. गुळात साखर तर असतेच, शिवाय उसाचा रस आटवताना मळी काढायला चुन्याची निवळी घालतात, त्यामुळे कॅल्शियमही असतं, आणि गूळ स्वतः किंचित आंबट असतो. म्हणजे शिजणं अडवणाऱ्या तिन्ही गोष्टी एका खड्यात. रताळ्याची कच्ची फोड गुळाच्या उकळत्या पाकात टाकली की तिच्यातलं पाणी बाहेर ओढलं जातं, ती आक्रसते आणि तिच्या पेशी घट्टच राहतात. अशी फोड पुढं कितीही वेळ ठेवली तरी मऊ होत नाही, उलट चिवट होते. मुरंब्यासाठी हे हवं असतं, कारण तिथं फोड महिनोन्‌महिने टिकायची असते. सणाच्या पानात घास मोडायला हवा.

यावर एक आक्षेप नेहमी येतो. गूळ शेवटी घातला तर तो आत कसा मुरणार, फोड आतून सपक लागेल. हा आक्षेप बटाट्याच्या बाबतीत खरा ठरला असता. रताळ्याला आतून गोड करणारी गोष्ट रताळ्याच्या पोटातच असते, फक्त तिला वेळ द्यावा लागतो. इथं पोपटी कामाला येते. भातकापणीनंतर शेतातल्या ओलीवर पेरलेल्या वालाच्या शेंगा भरल्या, की पेण, रोहा, अलिबागच्या शेतांवर थंडीच्या रात्री पोपट्या लागतात. मडक्याच्या तळाशी भांबुर्ड्याचा पाला, त्यावर वालाच्या शेंगा, खडे मीठ, ओवा, मध्ये बटाटे, रताळी, अंडी, कुणी मसाला लावलेली कोंबडी, पुन्हा पाला. तोंड पाल्यानं गच्च दाबून मडकं उपडं ठेवायचं आणि भोवती पेंढा-काटक्यांचा जाळ करायचा. पाण्याचा थेंबही आत घालत नाहीत. शेंगांचा, पाल्याचा आणि कंदांचा स्वतःचा ओलावा तेवढा पुरतो. मडक्यावर पाण्याचा शिंतोडा मारला आणि तो चर्रकन उडून गेला की पोपटी झाली. त्या मडक्यातून निघालेलं रताळं आणि त्याच टोपलीतलं कुकरमध्ये उकडलेलं रताळं शेजारी ठेवून खा. पहिल्याला वेगळी गोडी असते, तुटलेल्या टोकाशी मधासारखा चिकट थेंब जमलेला असतो. गूळ त्याच्या जवळपासही गेलेला नसतो.

ही गोडी येते पिष्टापासून. रताळ्यात पिष्ट भरपूर असतं आणि त्याच्या जोडीला त्या पिष्टाचे तुकडे करून माल्टोज नावाची साखर बनवणारं एक विकरही असतं, बीटा-अमायलेज. कच्च्या रताळ्यात ते फारसं काही करू शकत नाही, कारण पिष्टाचे दाणे घट्ट मिटलेले असतात. साधारण 60 ते 75 अंश सेल्सिअसच्या दरम्यान दाणे फुगून उघडू लागतात आणि विकरही तेव्हाच जोमात असतं. तापमान 80 च्या पुढं गेलं की विकर निकामी होऊ लागतं आणि साखर बनणं थांबतं. म्हणजे रताळं त्या मधल्या टप्प्यातून जितकं रेंगाळत जाईल तितकं गोड, आणि जितक्या घाईनं जाईल तितकं फिकं. मडक्यातला जाड पाला आणि मातीची भिंत उष्णता हळूहळू आत जाऊ देतात. कुकर ती घाईनं आत ढकलतो, वर फोडी पाण्यात बुडवल्या असतील तर तयार झालेली थोडी साखरही त्या पाण्यात उतरते आणि मोरीत जाते. मायक्रोवेव्ह कुकरपेक्षाही घाई करतो. जपानात थंडीच्या दिवसांत तापलेल्या खड्यांमध्ये पुरून विकली जाणारी भाजकी रताळी याच कारणानं गोड होतात. तिथल्या माणसानं पोपटी पाहिली तर त्याला ती लगेच ओळखू येईल.

तेव्हा दोन नियम झाले. शिजवताना पाणी नको, घाई नको. आणि गूळ रताळं मऊ झाल्यावर. आता प्रत्यक्ष करायला घेऊ. चार-पाच जणांच्या पानाला अर्धा किलो रताळी पुरतात. बाजारातून घेताना मधली जाडी सारखी असलेली, सालीला सुरकुती न पडलेली, टोकाशी काळी न झालेली बघून घ्या. एकदम ताजी, माती ओली असलेली रताळी मिळाली तर ती टोपलीत हवेशीर आठ-दहा दिवस राहू द्या, तेवढ्यात ती अधिक गोड होतात. फ्रिजमध्ये मात्र ठेवू नका. थंडीनं कंदाच्या आत इजा होते आणि मग कितीही शिजवलं तरी मधला गाभा कडक राहतो, आणि पुन्हा दोष बिचाऱ्या रताळ्याला. साल घासून धुवा, सोलायची तर सोला, पण पातळ सालीचं रताळं न सोलताच केलेलं मला जास्त आवडतं, फोडीला कड राहते आणि ती मोडत नाही. साधारण एक सेंटिमीटर जाडीच्या चकत्या करा. चकत्या सारख्या जाडीच्या असणं यात सगळ्यात महत्त्वाचं आहे. पातळ चकतीचा लगदा होईपर्यंत जाड चकती कच्चीच असते.

भांडं पसरट घ्या, लंगडी असेल तर उत्तम, जाड बुडाची कढईही चालेल. दोन मोठे चमचे साजूक तूप पातळ झालं की चकत्या एका थरात लावा, चिमूटभर मीठ टाका, आच अगदी मंद करा आणि वर खोलगट ताटली ठेवून तिच्यात पाणी ओता. हे झाकणावरचं पाणी आपल्या आज्या-पणज्यांनी उगाच ठेवलेलं नाही. त्यानं झाकण गार राहतं, आतली वाफ त्याला लागून थेंबाथेंबानं पुन्हा चकत्यांवर पडते, आणि भांड्यात वेगळं पाणी न घालताही करपत नाही. आपल्याला हवा असलेला रेंगाळणारा टप्पाही यातच मिळतो. आठ-दहा मिनिटांनी चकत्या एकदा उलटा, पुन्हा झाका. एकूण वीस ते पंचवीस मिनिटं धरा. मध्ये झाकण काढल्यावर भाजल्या कणसासारखा वास यायला लागतो. सुरीचं टोक चकतीत अडखळल्याशिवाय गेलं आणि चकती सुरीवर उचलताना मोडली नाही, की ती तयार. तूप तळाशी स्वच्छ दिसत असेल आणि चकत्यांना कडेनं बदामी रंग आला असेल. या क्षणी एक चकती तोंडात टाकून पाहा. गूळ किती घालायचा ते ती चकती सांगेल.

अर्ध्या किलोला बारीक चिरलेला गूळ साधारण 50 ग्रॅम, म्हणजे सपाट पाव वाटी, मला पुरेसा वाटतो. कित्येक घरांत याच्या तिप्पट घालतात, कारण रताळं स्वतः गोड झालेलं नसतं आणि कमतरता गुळानं भरून काढावी लागते. गुळाबरोबर दोन चमचे पाणी, किंवा नारळाचं घट्ट दूध असेल तर ते, घालून आता आच मोठी करा. झाकण नको. गूळ विरघळून आधी पातळ, भराभर फुटणारे लहान बुडबुडे येतात. मिनिटा-दोन मिनिटांत पाणी उडून जातं, बुडबुडे मोठे आणि आळशी होतात, फुटताना किंचित आवाज करतात, आणि भांडं तिरकं केलं तर पाक वाहून न जाता चकत्यांच्या मागं रेंगाळत येतो. तेवढ्या वेळात उलथनं घालू नका, भांडं दोन्ही हातांनी धरून गोल फिरवा, म्हणजे प्रत्येक चकती पाकात लोळते आणि तुटत नाही. पाक दाट झाला असं वाटायच्या थोडं आधीच गॅस बंद करा. गरम असताना जो पातळ वाटतो तो निवल्यावर बरोबर बसतो, आणि गरम असतानाच जो बरोबर वाटतो त्याची निवल्यावर चिक्की होते. वेलची किंवा जायफळ गॅस बंद केल्यावर, ओलं खोबरं हवं तर वाढताना. केशर घालण्याची मला गरज दिसत नाही.

साखरेनं जास्त छान चमक येते, गुळानं पदार्थ काळपट दिसतो, असं म्हणणारे पुष्कळ आहेत. गरम असताना त्यांचं खरं आहे. अर्ध्या तासानंतर ताटाकडं पाहा. नुसत्या साखरेचा दाट पाक निवताना पुन्हा दाणेदार होऊ लागतो, फोडींवर पांढुरकी खर येते आणि चमक जाते. गुळात उसाच्या साखरेबरोबर काही भाग ग्लुकोज आणि फ्रुक्टोज असतो, त्यांची सरमिसळ असली की दाणा धरत नाही, म्हणून गुळाचा थर निवल्यावरही ओला आणि चकचकीत राहतो. साखरच वापरायची असेल तर तिच्यात लिंबाचे चार थेंब घाला, आंबटपणानं तिचा थोडा भाग फुटतो आणि तेच काम होतं. रंगाचं म्हणाल तर पिवळाधमक गूळ बहुधा रसायन घालून उजळलेला असतो. तपकिरी गूळ घ्या आणि चकत्या बदामी झाल्यावरच घाला, मग तो काळपट दिसत नाही, तांबूस दिसतो. जपानमध्ये रताळ्याच्या तळलेल्या फोडी साखरेच्या पाकात घोळवून वर काळे तीळ टाकतात. त्या पदार्थाच्या नावाचा अर्थ 'विद्यापीठाचं रताळं' असा आहे. आपल्याकडं संक्रांतीच्या सुमारास गुळाच्या पाकावर भाजलेले तीळ टाकून पाहायला काहीच हरकत नाही.

रताळं मुळात इथलं नाही. ते अमेरिका खंडातून पोर्तुगीजांच्या काळात भारतात आलं, आणि पोर्तुगीजांचे चौल-रेवदंड्याचे कोट पेण-रोह्यापासून फार लांब नाहीत. त्याच्या आधीपासून इथल्या डोंगरांत आणि परसांत जे होतं ते कोनफळ, कणघर, करांदे आणि सुरण. गुजरातीत आजही 'रताळू' म्हणजे जांभळा कंद, आपलं कोनफळ. शब्द आपल्याकडं येईपर्यंत पाहुण्या कंदाला चिकटला. पावसाळा संपला की बाजारात रस्त्याच्या कडेला कातकरी आणि ठाकूर बायका या कंदांच्या टोपल्या घेऊन बसतात, आणि सणाची खरेदी करणारे लोक पोहे-पापड-मिरगुंडांच्या दुकानांकडं जाताना त्यांच्यावरून नुसती नजर फिरवतात. दापोलीच्या कोकण कृषी विद्यापीठानं रताळ्याची 'कोकण अश्विनी' आणि कोनफळाची 'कोकण घोरकंद' अशा जाती लागवडीसाठी दिल्या आहेत, म्हणजे पिकवायला अडचण नाही. अडचण स्वयंपाकघरात आहे. कोनफळ म्हटलं की काप तळायचे, याच्यापुढं विचार जात नाही.

कोनफळाला गुळाचा थर फार सुंदर बसतो, पण रताळ्याची रीत त्याला जशीच्या तशी लावू नका. आतून स्वतः गोड होण्याचा रताळ्याचा गुण त्याच्यात नाही, आणि ते तुपावर वाफवताना बराच वेळ कोरडं राहतं. म्हणून ते आधी मोदकपात्रात, सालीसकट मोठ्या तुकड्यांत वाफवा. साल आधी काढली तर हाताला खाज सुटते आणि जांभळा रंगही उतरतो. वाफवून निवलं की साल काढा, चकत्या करा, तुपावर दोन्ही बाजू खरपूस करा, मग गूळ. गुळाबरोबर एक आमसूल नक्की घाला. कोनफळाचा रंग आंबटात तांबूस जांभळा खुलतो, आणि आंबट नसेल, त्यातून भांडं लोखंडी असेल, तर राखाडी पडतो. इथंही आमसूल गुळाच्या वेळीच, शिजल्यानंतर. बिरड्याचा नियम. सुरणाचं तेवढं उलटं आहे. सुरणात सुईसारखे ऑक्झलेटचे स्फटिक असतात, घसा खाजवतो तो त्यांच्यामुळे, म्हणून आमसूल किंवा चिंच घातलेल्या पाण्यात तो पहिल्यापासून उकडावा आणि ते पाणी फेकून द्यावं. त्यात तो सावकाश शिजतो, पण शिजतो. नंतर तूप, चिंच-गूळ, लाल मिरची, जिरं. हा गोड-तिखट सुरण वरणभाताशेजारी रताळ्यापेक्षा शोभून दिसतो.

एक सांगणं गंभीर आहे. रानातून आलेला प्रत्येक कंद परसातल्या कंदासारखा नसतो. काही रानकंद कडू आणि विषारी असतात. आदिवासी घरांत त्यांच्या पातळ चकत्या करून राखेत घोळवून, रात्रभर वाहत्या पाण्यात ठेवून, पुन्हा पुन्हा उकडून ते खाण्याजोगे करतात, आणि हे कसब पिढ्यान्‌पिढ्यांचं आहे. ज्या बाईकडून कंद घ्याल तिला त्याचं नाव आणि शिजवण्याची पद्धत विचारूनच घ्या, आणि तिनं सांगितलेल्या पद्धतीत सुधारणा करू नका. कडू लागलेला कंद गुळानं झाकायचा प्रयत्न तर मुळीच करू नका.

सणाच्या दिवशी घरात तीस-चाळीस माणसं, गणपती आलेले किंवा दसऱ्यानंतर रोह्यात धावीर महाराजांची पालखी निघालेली, अशा वेळी मंद आचेवर पंचवीस मिनिटं कोण उभं राहणार, हा आक्षेप सगळ्यात रास्त आहे. उत्तर असं की दोन टप्पे वेगळे असल्यामुळेच हे मोठ्या पंगतीला सोपं जातं. पाकात शिजवायची रताळी एकदाच आणि शेवटच्या घाईत करावी लागतात. इथं अख्खी रताळी सालीसकट मोदकपात्रात किंवा चाळणीवर, मंद आचेवर, सकाळीच वाफवून ठेवता येतात. पाणी खाली, रताळी वर, म्हणजे साखर पाण्यात जात नाही. निवल्यावर ती कापली की चकत्या अखंड निघतात, गरम कापली तर मोडतात. मग वाढायच्या आधी तूप आणि गूळ, पाच मिनिटांचं काम. एका वेळी भांड्यात एकच थर असू द्या. घाईनं दोन किलो चकत्या एका टोपात घातल्या तर खालच्या थराची वाफ वरच्या थराखाली अडकते, पाक कधी दाटत नाही आणि ढवळून ढवळून शेवटी खीर होते. चार घाण्यांत करा.

मधुमेह असणाऱ्यांसाठी ही रीत चांगली आहे असं म्हणणं खोटेपणा होईल. सावकाश शिजवून आपण मुद्दाम पिष्टाची साखर करतो आहोत आणि वर गूळ घालतो आहोत. पाण्यात उकडलेलं रताळं भाजलेल्यापेक्षा रक्तातली साखर हळू वाढवतं, म्हणजे त्यांच्या दृष्टीनं ज्याला मी इथं नावं ठेवली तेच बरं. गुळाला साखरेपेक्षा निरुपद्रवी समजून पानात चार चकत्या जास्त वाढणं हा गैरसमज आहे. त्यांच्यासाठी चार फोडी वेगळ्या उकडा, वर तूप-जिरं आणि दाण्याचं कूट घाला, लिंबू पिळा.

गोड फोडी पानात कुठं वाढायच्या यावर मतभेद होऊ शकतो. मला त्या डावीकडं, कोशिंबीर-चटणीच्या बाजूला, मोजून तीन-चार वाढलेल्या योग्य वाटतात, पक्वान्न म्हणून वाटीत नव्हे. बिरड्याची कडसर चव आणि नारळाचं आटलेलं वाटण यांच्या मध्ये एक गोड घास आला की दोन्ही उठून लागतात. उपासाच्या ताटात दाण्याच्या आमटीशेजारी तेच. आणि त्या उरवायच्या नाहीत, हे लक्षात असू द्या. गूळ हवेतलं पाणी ओढतो. महाशिवरात्रीच्या कोरड्या हवेत थर दोन-तीन तास टिकतो, पण आषाढीला, बाहेर पाऊस कोसळत असताना, झाकून ठेवलेल्या चकत्यांना अर्ध्या-पाऊण तासात पाणी सुटतं आणि सगळी मेहनत ताटलीच्या तळाशी जमा होते. वाफवलेल्या चकत्या तुपावर तयार ठेवा, गूळ चिरून वाटीत ठेवा, आणि माणसं हातपाय धुवून पाटावर बसू लागली की मगच गॅस पेटवा.